श्रावक, मारवाडी, जैन

दौंडहून भीमा ओलांडली की नगर जिल्हा, म्हणजे आताचा अहिल्यानगर, सुरू होतो आणि थोड्याच अंतरावर काष्टी लागते. श्रीगोंदा तालुक्यातल्या या गावाचा शनिवारचा जनावरांचा बाजार आसपासच्या जिल्ह्यांत प्रसिद्ध आहे. असा बाजार भरतो तिथे कापड, किराणा, भुसार आणि भांडी यांची पेठही उभी राहते. नगर जिल्ह्यातल्या अशा बाजारगावांच्या पेठांत जैन कुटुंबं कित्येक पिढ्या राहत आली आहेत. त्यांच्यातल्या एकाच माणसाला दिवसभरात तीन नावं मिळतात. गिऱ्हाईक समोर ‘शेठ’ म्हणतं आणि पाठीमागे ‘मारवाडी’. चातुर्मासासाठी स्थानकात, म्हणजे साधू-साध्वींच्या मुक्कामाच्या आणि प्रवचनाच्या जागेत, थांबलेल्या साध्वी त्याला ‘श्रावक’ म्हणतात. त्याच्या मुलाच्या शाळेच्या दाखल्यावर मात्र ‘जैन’ असं लिहिलेलं असतं, आणि बहुधा त्यापुढे ‘ओसवाल’.

‘मारवाडी’ हे नाव मुलखाचं आहे, ‘श्रावक’ हे गुरूशी असलेल्या नात्याचं, आणि ‘जैन’ हे धर्माचं. आज यातलं शेवटचं नाव इतकं स्वाभाविक वाटतं की महावीरांच्या काळापासून ते तसंच चालत आलं असावं, असा सहज समज होतो. इतिहास तसं सांगत नाही. तत्त्वज्ञानाचं नाव म्हणून ‘जैन’ बरंच जुनं आहे, पण बाजारगावातल्या माणसाची सरकारी आणि सामाजिक ओळख म्हणून ते रुळायला फार उशीर लागला.

व्युत्पत्ती सरळ आहे. ‘जि’ म्हणजे जिंकणे; त्यावरून ‘जिन’ म्हणजे जिंकणारा. हा विजय राज्यावरचा नाही, रागद्वेषावरचा आहे. शिवाचा तो शैव, विष्णूचा तो वैष्णव, तसा जिनाचा तो जैन. मात्र ‘जिन’ ही पदवी एका परंपरेच्या मालकीची नव्हती. अमरकोशात ती बुद्धाच्या नावांत दिलेली आहे. ज्या काळात बुद्धालाही ‘जिन’ म्हणत, त्या काळात केवळ ‘जिनाचा अनुयायी’ एवढ्याने कोणाचीच ओळख पटली नसती.

महावीरांच्या संघाचं जुनं नाव वेगळं होतं: निर्ग्रंथ, प्राकृतात निग्गंथ, पालीत निगंठ. ज्याच्या गाठी सुटल्या, ज्याने संग्रह सोडला, तो निर्ग्रंथ. बौद्धांच्या पाली ग्रंथांत महावीरांना ‘निगंठ नातपुत्त’ म्हटलं आहे. अशोकाने आपल्या सातव्या स्तंभलेखात कोणकोणत्या पंथांची काळजी घ्यायची ते नोंदवलं, त्यातही निगंठ आहेत. हे नाव साधूंचं होतं. घरदार, दुकान, शेत सांभाळणाऱ्या माणसाला ते लागू पडणारं नव्हतं.

महाराष्ट्राच्या मातीतला या परंपरेचा फार जुना पुरावा मावळात आहे. पाले गावाजवळच्या लेण्यातला ब्राह्मी लेख ह. धी. सांकलिया आणि शोभना गोखले यांनी अभ्यासला आणि तो इसवी सनापूर्वीचा ठरवला. लेखाची सुरुवात ‘नमो अरहंतानं’ अशी होते आणि इंदरखित नावाच्या भदंताने लेणं व पाण्याची पोढी करवल्याची नोंद त्यात आहे. वंदन अर्हंतांना आहे; पंथाचं नाव नाही. नवकार मंत्राची पहिली ओळ रोज म्हणणाऱ्या आजच्या कोणत्याही कुटुंबाला हा लेख ओळखीचा वाटेल, पण त्यात ‘जैन’ शोधू गेलं तर सापडणार नाही.

पुढचा महत्त्वाचा टप्पा सीमाभागात, खानापूर तालुक्यातल्या हलशीला आहे. इथे पाचव्या शतकातल्या कदंब राजांचे ताम्रपट मिळाले आहेत. मृगेशवर्म्याच्या दानपत्रांत श्वेतपट, निर्ग्रंथ, यापनीय आणि कूर्चक असे संघ वेगवेगळे मोजलेले आहेत. राजाला कोणाला किती जमीन द्यायची हे नेमकं सांगायचं होतं, म्हणून त्याने प्रत्येक संघाचं स्वतःचं नाव वापरलं. यांतल्या यापनीय आणि कूर्चक या दोन परंपरा पुढे नाहीशा झाल्या. आज ज्याला आपण एका शब्दात ‘जैन समाज’ म्हणतो, त्याच्या पोटात एकेकाळी किती प्रवाह होते, हे त्या तांब्याच्या पत्र्यांवरून कळतं.

मग ‘जैन’ आलं कुठून? ते पंडितांच्या लेखणीतून आलं. सहाव्या-सातव्या शतकाच्या सुमाराचे जिनभद्रगणी यांच्या विशेषावश्यकभाष्यात जिनाच्या तीर्थासाठी या शब्दाचं प्राकृत रूप येतं, असं अभ्यासक दाखवतात. आठव्या शतकातल्या हरिभद्रसूरींनी षड्दर्शनसमुच्चयात सहा दर्शनं मोजली, त्यांत बौद्ध, नैयायिक, सांख्य यांच्या पंगतीला जैन दर्शन बसवलं. वादसभेत दुसऱ्या मताशी दोन हात करायचे तर आपल्या मताला नाव हवं; ती गरज या शब्दाने भागवली. तरीही सगळ्यांनी तो लगेच उचलला नाही. चौदाव्या शतकात माधवाने सर्वदर्शनसंग्रह लिहिला, तेव्हा त्यातल्या प्रकरणाचं नाव ‘आर्हत दर्शन’ असंच ठेवलं.

दक्षिणेत मात्र त्याच शतकात हा शब्द लोकसमूहाला लागलेला दिसतो. श्रवणबेळगोळच्या 1368 च्या कन्नड शिलालेखात विजयनगरच्या बुक्करायाने वैष्णव आणि जैन यांच्यातला तंटा मिटवला आहे. दोन समाज राजासमोर उभे राहिले, आणि जैनांना ‘जैन’ म्हणून संरक्षण मिळालं. गेल्या दीडशे वर्षांत हेच पुन्हा घडलं. राज्यसत्तेपुढे दाद मागायची वेळ आली की नाव पक्कं होत जातं.

घरगृहस्थी करणाऱ्याचं खरं जुनं नाव ‘श्रावक’. ऐकतो तो श्रावक. साधूंचा उपदेश ऐकून आपल्या शक्तीप्रमाणे व्रतं घेतो तो. बौद्धांनीही हा शब्द वापरला, पण त्यांच्याकडे बुद्धाच्या शिष्यांना, प्रामुख्याने भिक्षूंना, तो लागला. जैन परंपरेत तो गृहस्थाकडे आला आणि साधू, साध्वी, श्रावक, श्राविका असा चतुर्विध संघ ठरला. गृहस्थांना, त्यातही बायकांना, संघाचे घटक म्हणून नावानिशी जागा देणारी ही रचना या परंपरेची मोठी ताकद आहे, हे मुद्दाम सांगायला हवं. मथुरेच्या कंकाली टेकडीवरच्या कुषाणकाळातल्या मूर्तींच्या बैठकींवर दान देणाऱ्या श्राविकांची नावं कोरलेली आहेत. राजस्थानात याच शब्दाचं ‘सरावगी’ झालं आणि ते आडनाव बनलं. बंगाल-झारखंडकडच्या सराक समाजाने बाकी पुष्कळ काही गमावलं, पण नावात श्रावक टिकवला. गुजरातेत वाण्यांची विभागणीच ‘श्रावक’ आणि ‘मेश्री’ अशी होत असे; मेश्री म्हणजे वैष्णव वाणी.

इथे एक गैरसमज दूर केला पाहिजे. महाराष्ट्रातला जैन म्हणजे मारवाडातून आलेला व्यापारी, ही समजूत अर्धवट आहे. मराठीच्या सर्वांत जुन्या कोरीव ओळींमध्ये ज्यांची गणना होते, त्या ‘श्रीचावुंडराजे करवियले’ या ओळी श्रवणबेळगोळच्या गोमटेश्वराच्या पायाशी आहेत. वेरुळच्या लेणीसमूहात इंद्रसभा आणि जगन्नाथसभा आहेत. नाशिकजवळच्या अंजनेरीत शके 1063 चा लेख आहे; यादव सेउणदेवाच्या काळात तिथल्या चंद्रप्रभ मंदिराला दुकानांचं दान मिळाल्याचं तो सांगतो. पेठ आणि देऊळ यांचं नातं बाराव्या शतकातही असं घट्ट होतं. पुढे पंधराव्या-सोळाव्या शतकाच्या सुमारास गुणकीर्तीने ‘धर्मामृत’ हा ग्रंथ मराठी गद्यात लिहिला, तोही श्रावकांच्या आचारासाठी. विद्याधर जोहरापूरकर आणि सुभाषचंद्र अक्कोळे यांनी अशा पोथ्या शोधून, वाचून छापल्या नसत्या तर मराठी वाङ्मयाच्या इतिहासातलं हे दालन बंदच राहिलं असतं.

मराठी मुलखातले हे जैन सैतवाळ, कासार, चतुर्थ, पंचम अशा जातिनावांनी ओळखले जात. कोल्हापूर-सांगली-बेळगाव पट्ट्यातले चतुर्थ जैन बहुतांशी शेतकरी. कर्मवीर भाऊराव पाटील कुंभोजच्या अशाच जैन घरात 1887 मध्ये जन्मले. त्यांना ‘मारवाडी’ म्हणायचं कोणाच्या स्वप्नातही येणार नाही.

नगर जिल्ह्याची गोष्ट मात्र व्यापाराची आणि स्थलांतराची आहे. पेशवाईच्या काळात गुजर वाणी इथे होतेच. 1818 नंतर इंग्रजी अंमल बसला, सारा रोखीने भरावा लागू लागला, कोर्टकचेऱ्या आल्या आणि शेतकऱ्याला रोख पैसा पुरवणाऱ्याची गरज वाढली. राजस्थानातून, विशेषतः मारवाडातून, ओसवाल कुटुंबं दख्खनच्या खेड्यांत उतरली. ओसवाल हे नावही गावावरूनच, जोधपूरजवळच्या ओसियांवरून. घराण्यांची नावं कुळाची, गावाची किंवा कामाची: कोठारी, भंडारी, मुथ्था, गुगळे, कटारिया, छाजेड, लोढा, बोरा. यांतलं कोणतंही नाव धर्म सांगत नाही.

गावाला त्याची गरजही नव्हती. गावासाठी तो ‘मारवाडी’ होता. त्याच शब्दात वैष्णव माहेश्वरीही बसे. 12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे या बाजारगावात शेतकरी सावकारांवर उठले, तेव्हा खतं आणि रोखे मागून घेऊन जाळले गेले. भीमा ओलांडून नगर जिल्ह्यातही लोण आलं आणि श्रीगोंदा, पारनेर, कर्जत, नगर हे तालुके त्यात होते. दख्खनच्या दंग्यांची चौकशी करणाऱ्या आयोगाने सावकारांची वर्गवारी केली ती मारवाडी, गुजर, ब्राह्मण अशी, म्हणजे मुलूख आणि जात पाहून. राग धर्मावर नव्हता. कर्जावर होता, व्याजावर होता, परक्या मुलखातून येऊन जमिनी ताब्यात घेणाऱ्यावर होता. त्या रागाला कारणं होती आणि सरकारलाही ती नाकारता आली नाहीत. 1879 चा दख्खन शेतकरी कायदा त्यातूनच आला. पण ‘मारवाडी’ या मुलखाच्या नावात तेव्हा जो कडवटपणा मिसळला, तो प्रामाणिक दुकानदाराच्या नातवंडांनाही सोसावा लागला, हेही तितकंच खरं आहे.

याच सुमारास, 1878 मध्ये, दौंड-मनमाड रेल्वे सुरू झाली. काष्टी या मार्गावरचं स्थानक आहे. भुसार माल रेल्वेने जाऊ लागला, आणि मार्गावरच्या बाजारगावांचा व्यापार नुसत्या सावकारीवर अवलंबून राहिला नाही. अडत, कापड, किराणा यांत पुढच्या पिढ्या शिरल्या आणि गावात मुरल्या.

‘जैन’ या नावाला आधुनिक वजन आलं ते एका वेगळ्याच वादातून. एकोणिसाव्या शतकातले अनेक युरोपीय पंडित हा धर्म म्हणजे बौद्ध धर्माची फांदी मानत. जर्मन संशोधक हर्मान याकोबी 1873-74 मध्ये भारतात आले, गेऑर्ग ब्यूलर यांच्याबरोबर राजस्थानात फिरून त्यांनी जैसलमेरची ग्रंथभांडारं पाहिली, आणि 1879 मध्ये कल्पसूत्राची आवृत्ती काढताना त्यांनी युक्तिवाद मांडला. बौद्ध ग्रंथ ज्यांना निगंठ म्हणतात आणि प्रतिस्पर्धी मानतात, तेच हे लोक. नातपुत्त म्हणजेच महावीर. बौद्धांच्याच साक्षीने हा धर्म स्वतंत्र आणि जुना ठरला. विस्मरणात गेलेल्या ‘निगंठ’ या नावाने ‘जैन’ या नावाची बाजू भक्कम केली.

मग खानेसुमारी आली. 1881 च्या जनगणनेत जैनांचा रकाना वेगळा होता, पण विचारल्यावर लोक काय सांगतील ते ठरलेलं नव्हतं. कोणी जात सांगे, कोणी ‘हिंदू’ म्हणे. कोर्टातही तसाच पेच. 1873 मध्ये मुंबई उच्च न्यायालयापुढे भगवानदास तेजमल विरुद्ध राजमल हा मारवाडी जैन कुटुंबातला दत्तकाचा दावा आला, तेव्हा सरन्यायाधीश वेस्ट्रॉप यांनी वेगळी रूढी सिद्ध झाली नाही तर जैनांनाही सर्वसाधारण हिंदू कायदाच लागू, असं धरलं. 1939 मध्ये त्याच न्यायालयाने दुसऱ्या एका दाव्यात, जैन म्हणजे हिंदूंतून फुटून निघालेले लोक नव्हेत, असं मत नोंदवलं.

समाजानेही या काळात स्वतःला हे नाव लावून घेतलं. सोलापूरला हिराचंद नेमचंद दोशी यांनी 1884 च्या सुमारास ‘जैन बोधक’ हे मराठी पत्र सुरू केलं. 1899 मध्ये स्तवनिधीला दक्षिण महाराष्ट्र जैन सभा स्थापन झाली. चतुर्थ, पंचम, कासार या वेगळ्या चुली एका नावाखाली आणायच्या, मुलांसाठी वसतिगृहं काढायची, हा तिचा उद्योग. अण्णासाहेब लठ्ठे यांच्यासारख्या शिकलेल्या तरुणांनी ती वाढवली. जातीपेक्षा मोठं नाव पाहिजे, म्हणजे शिष्यवृत्ती, शाळा आणि कौन्सिलातली जागा मागता येईल, हे त्यांना नेमकं कळलं होतं.

नगर जिल्ह्यात हेच काम स्थानकवासी, म्हणजे मूर्तिपूजेऐवजी स्थानकात धर्मसाधना करणाऱ्या पंथाच्या, साधूंच्या भोवती झालं. पाथर्डी तालुक्यातल्या चिचोंडी शिराळचा नेमिचंद गुगळे हा मुलगा 1913 मध्ये मिरजगावला, वयाच्या 13 व्या वर्षी, दीक्षा घेऊन आनंदऋषी झाला. पाथर्डीला त्यांच्या प्रेरणेने स्थानकवासी जैन धार्मिक परीक्षा बोर्ड उभं राहिलं. खेड्यापाड्यांतली मुलंमुली धर्माच्या परीक्षा देऊ लागली, प्रमाणपत्रं मिळवू लागली. बाजारगावातल्या घरात ‘आपण जैन’ ही जाणीव रुजवण्यात अशा परीक्षांचा वाटा मोठा मानला पाहिजे. 1952 मध्ये राजस्थानात सादडी इथे स्थानकवासी संप्रदाय एकत्र आले. त्यांनी घेतलेलं नाव पाहण्यासारखं आहे: वर्धमान स्थानकवासी जैन श्रमण संघ. प्राचीन ‘श्रमण’, मधल्या काळातलं ‘जैन’, अलीकडचं ‘स्थानकवासी’, तिन्ही थर एकाच पाटीवर. 1964 मध्ये आनंदऋषी या संघाचे आचार्य झाले आणि 1992 मध्ये नगरलाच त्यांचं देहावसान झालं.

स्वातंत्र्यानंतर नावाचा प्रश्न पुन्हा कायद्याच्या दारात गेला. मुंबई राज्याने 1947 मध्ये हरिजन मंदिरप्रवेशाचा कायदा केला आणि तो जैन मंदिरांनाही लावला. आचार्य शांतिसागर यांनी निषेधार्थ अन्नत्याग केला. अकलूजच्या मंदिराचं प्रकरण उच्च न्यायालयात गेलं. 1951 मध्ये सरन्यायाधीश छागला आणि न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी कायद्याचा अर्थ लावला: हिंदूंना ज्या मंदिरात हक्क नव्हता, तिथे या कायद्याने नवा हक्क निर्माण होत नाही. वेगळेपण सिद्ध करण्याच्या या लढ्यात दलितांसाठी दार बंद राहिलं, ही गोष्ट जैन समाजाच्या इतिहासात झाकून ठेवण्याजोगी नाही. समतेचा उपदेश करणाऱ्या परंपरेला ती शोभणारी नव्हती.

राज्यघटनेच्या 25 व्या कलमाच्या स्पष्टीकरणात हिंदू या शब्दात शीख, जैन आणि बौद्धांचा समावेश केलेला आहे. 1955 च्या हिंदू विवाह कायद्याचंही तसंच. अल्पसंख्याक दर्जासाठी जैन कार्यकर्ते बाळ पाटील सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. 2005 मध्ये निकाल विरुद्ध लागला. शेवटी 27 जानेवारी 2014 रोजी केंद्र सरकारने जैनांना राष्ट्रीय पातळीवर अल्पसंख्याक म्हणून अधिसूचित केलं. 2011 च्या जनगणनेत देशात सुमारे 44.5 लाख जैन नोंदले गेले, त्यांतले सुमारे 14 लाख महाराष्ट्रात; एवढी संख्या दुसऱ्या कोणत्याही राज्यात नाही.

शिलालेख राजाने कोरवले, अहवाल साहेबाने लिहिले, निकाल न्यायाधीशांनी दिले. या सगळ्यांतून इतरांनी काय म्हटलं ते कळतं. नगर जिल्ह्यातली ही कुटुंबं स्वतःला काय म्हणवत होती, ते त्यांच्या वह्यांतून कळेल: दिवाळीला पूजलेल्या चोपड्या, स्थानकाच्या वर्गणीच्या याद्या, दीक्षा आणि चातुर्मासाच्या निमंत्रणपत्रिका, मारवाडला पाठवलेली पत्रं. त्यांतल्या कित्येक मोडीत किंवा महाजनी लिपीत आहेत आणि ती वाचणारे झपाट्याने कमी होत आहेत. काष्टी, मिरजगाव, वांबोरीच्या पेठेतल्या ज्या घरांत अशा वह्या माळ्यावर असतील, त्यांनी त्या रद्दीत घालू नयेत. नगरचं ऐतिहासिक वस्तुसंग्रहालय आहे, पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ आहे. निदान त्यांच्या छायाप्रती तरी तिथे पोचवाव्यात.